पाखरांच्या घरी पाहुणे



येत्या रविवारी आपला वाचनवर्ग नांदूर मध्यमेश्वरला जाणार आहे. तिथे काय पाहायचे आणि कसे वागायचे, ते आज सांगतो.

काल एका मावशींनी विचारले, "गुरुजी, पाखरं तर आपल्या बांधावर पण बसतात. ती बघायला गाडीभाडं घालून कशाला जायचं?" प्रश्न रास्त आहे. उत्तर ऐका.

नाशिक जिल्ह्यात, निफाड तालुक्यात, गोदावरी आणि कादवा या नद्या मिळतात. तिथे शंभराहून अधिक वर्षांपूर्वी बंधारा बांधला. तो शेतीच्या पाण्यासाठी बांधला, पाखरांसाठी नव्हे. पण नद्यांनी दरसाल गाळ आणला. पाणी उथळ झाले. गाळावर गवत वाढले. किडे, मासे, शिंपले झाले. आपण म्हणतो, गाळ साचला, नुकसान झाले. पण त्याच गाळात पाखरांना वाढलेले ताट मिळाले!

१९८६ साली सरकारने ही जागा अभयारण्य म्हणून राखली. हा शब्द फोडून वाचा. अभय आणि अरण्य. जिथे भय नाही असे रान. भय कोणाला नाही? तिथल्या जिवांना. पुढे जगातल्या महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या यादीत तिचे नाव आले. महाराष्ट्रातली अशी ही पहिलीच जागा.

तिथे दोनशेहून अधिक जातींचे पक्षी दिसतात. चमच्याची चोच खरोखर चमच्यासारखी असते. चित्रबलाक उंच पायांवर चिखलात उभा असतो. एका काळ्या पाणपक्ष्याच्या कपाळावर पांढरा टिळा असतो. त्याला आपले लोक काय म्हणतात, ठाऊक आहे? वारकरी!

चक्रवाक तर थंडीत हिमालयाच्या पलीकडून येतात. एवढी वाट उडून आलेले पाखरू थकलेले असते. इथे खायचे, अंगात बळ साठवायचे आणि उन्हाळ्याच्या तोंडी परत निघायचे, असा त्याचा क्रम. आपण ओरडलो की ते उडते. उडले की साठवलेले बळ खर्च होते. पुन्हा पुन्हा उडाले तर परतीच्या वाटेला बळ कुठून आणील?

हे मला आधी कळत नव्हते. नोकरीत असताना मी शाळेची मुले घेऊन अशाच एका तळ्यावर गेलो होतो. मुलांनी आरोळ्या दिल्या. दोघांनी दगड मारले. मी हसत उभा राहिलो. क्षणात सगळा थवा उठला आणि दूर गेला. तळे ओस पडले. आम्ही नुसते पाणी बघून परतलो. चूक मुलांची नव्हती, माझी होती. आधी सांगायला हवे होते, ते मी सांगितले नाही.

म्हणून आता सांगतो. पहाटे निघू. सकाळी पाखरे चरत असतात, नीट दिसतात. अंगावर भडक कपडे नकोत. मोबाईलवर गाणी नकोत. बोलायचे ते हळू. भाकरी बांधून घ्या, पण कागद, पिशवी, उष्टे तिथे टाकू नका. पाखरांना खाऊ घालू नका. त्यांचे अन्न त्यांना पाण्यात मिळते. घरटे दिसले तर लांबूनच बघा. अंडी उचलणे, पाखरू मारणे हा १९७२ च्या कायद्याने गुन्हा आहे. सोबत तिथला वाटाड्या घेऊ. त्याला पाखरांची नावे ठाऊक असतात, आणि त्याच्या घरी चार पैसे जातात.

आता मावशींचे उत्तर. बांधावरचे पाखरू आपल्या घरी येते. अभयारण्यात आपण त्याच्या घरी जातो. पाहुण्याने कसे वागावे, हे तुम्हांला मी काय शिकवू? आणि तिथे शिकलेले बांधावरही उपयोगी पडेल.

शेवटचे एक काम. फाटकापाशी नियमांची पाटी असेल. गेल्या वर्षी तिच्यासमोरून आपण तसेच पुढे गेलो असतो. या वेळी मी ती वाचणार नाही. तुम्ही वाचायची, मोठ्याने. मग फाटकाच्या आत मात्र सगळे गप्प!