धुतलेली कस्तुरी जाते कुठे?

लोणच्याच्या प्लॅस्टिकच्या डब्याचं झाकण तुमच्या घरात असेलच. डबा रिकामा झाला, घासला, गरम पाण्यात बुडवून ठेवला, पुन्हा घासला, तरी झाकण नाकाशी नेलं की हिंग-मोहरीचा वास येतोच. काचेच्या बरणीचं तसं होत नाही, ती एकदा नीट धुतली की मोकळी होते. घासणारा हात तोच, पाणीही तेच. पण लोणच्यातली वासाची द्रव्यं तेलात रमणारी आहेत, पाण्याशी त्यांचं जमत नाही, आणि प्लॅस्टिकचा स्वभाव तेलाच्या जवळचा आहे. म्हणून ती वाहून न जाता झाकणाच्या आत शिरून बसतात. हे झाकण पुढची काही मिनिटं डोळ्यांसमोर असू द्या. आज बोलायचं आहे ते कारखान्यात तयार होणाऱ्या कस्तुरीबद्दल, आणि तिच्याविषयीच्या एकाच प्रश्नाबद्दल: अंगावरून, कपड्यांवरून धुतली गेल्यावर ती जाते कुठे?

कस्तुरी म्हटलं की आपल्या मनात हिमालयातला मृग येतो. प्रत्यक्षात आज ती आपल्याला भेटते न्हाणीघरात: साबणात, कपडे धुण्याच्या पावडरीत, धुतलेल्या कपड्यांना मऊपणा देणाऱ्या द्रवात, शाम्पूत. सुगंधाच्या धंद्यात तिचं काम पायाचं असतं. लिंबासारखे हलके वास मिनिटांत उडून जातात, फुलांचे काही तास राहतात. कस्तुरीचे रेणू जड, सावकाश उडणारे. त्या संथपणामुळे अत्तर अंगावर टिकतं आणि वरच्या वासांनाही आधार मिळतो. मृगाच्या एका नाभ्यात, म्हणजे त्या ग्रंथीत, साधारण २५ ग्रॅम कस्तुरी निघते. किलोभर हवी तर ४० नर मारायचे, आणि रानात लावलेल्या फासाला नर, मादी, पाडस यांतला फरक कळत नाही. आपल्याकडे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानं या प्राण्याला सर्वांत कडक संरक्षण दिलं आहे. तेव्हा रसायनशाळेनं कस्तुरी बनवली याबद्दल कुणी हळहळू नये. ‘नैसर्गिक ते चांगलं, कृत्रिम ते वाईट’ ही वाटणी या विषयात एक पाऊलही पुढे नेत नाही. मृगाच्या कस्तुरीत मस्कोन नावाचा जो मुख्य रेणू असतो, तोच प्रयोगशाळेत जुळवता येतो. नाकाला आणि नदीतल्या जिवाणूंना तो कुठून आला याच्याशी देणंघेणं नसतं. रेणू कसा बांधलेला आहे आणि वापरानंतर तो मोडतो की नाही, यावर सगळं ठरतं. हे मी आज दोन-तीनदा सांगणार आहे, कारण ऐकणाऱ्याच्या हातून नेमकं हेच निसटतं आणि मागे उरतो तो फक्त ‘केमिकल’ हा शब्द.

सुरुवात कशी झाली ते पाहा. १८८८ साली आल्बर्ट बाउर हे जर्मन रसायनतज्ज्ञ टीएनटीच्या जातीच्या स्फोटकांवर काम करत होते. त्यांनी तयार केलेल्या एका नायट्रो संयुगाला कस्तुरीसारखा गोड वास आला. मृगाच्या कस्तुरीतल्या रेणूशी त्याची रचना कुठेही जुळत नव्हती, जुळला तो केवळ वास. त्यातून मस्क झायलीन, मस्क कीटोन, मस्क ॲम्ब्रेट अशी एक मालिकाच बाजारात आली. सोन्याच्या मोलाची वस्तू एकदम स्वस्त झाली आणि श्रीमंतांच्या कुपीतून सगळ्यांच्या साबणात आली. जवळजवळ शंभर वर्षं या नायट्रो कस्तुरीनं राज्य केलं. त्या काळात ती अंगाला लावल्यावर कसा वास येतो हे हजारो वेळा तपासलं गेलं. धुतल्यानंतर तिचं काय होतं, हे फारसं कुणी विचारलं नाही. मग १९८१ साली जपानमधल्या तामा नदीच्या माशांत मस्क झायलीन आणि मस्क कीटोन सापडले. ते तिथे सांडपाण्यातून पोचले होते. पुढच्या दशकात जर्मनीत तीच द्रव्यं माणसाच्या चरबीत आणि आईच्या दुधात आढळली. म्हणून बाळाला दूध पाजू नये असा अर्थ कुणीही, अगदी कुणीही काढू नये. आईच्या दुधाचे फायदे या अत्यल्प अंशापेक्षा कितीतरी मोठे आहेत. त्या शोधाचं महत्त्व वेगळं आहे. दुधात स्निग्धांश असतो, आणि तेलात रमणारी वस्तू शरीरात शिरली की स्निग्धांश शोधते. आठवा ते झाकण. आपलं शरीर, माशाचं शरीर, शिंपल्याचं शरीर, या द्रव्यांच्या दृष्टीनं सगळी लोणच्याची झाकणंच आहेत.

मस्क ॲम्ब्रेटची गत आणखी वाईट झाली. ते लावून उन्हात गेलेल्या काहींच्या त्वचेवर चट्टे उठू लागले आणि उंदरांवरच्या प्रयोगांत मज्जासंस्थेला इजा दिसली, म्हणून ते वापरातून काढावं लागलं. मस्क झायलीनला युरोपीय संघानं २००८ साली ‘अतिशय टिकाऊ आणि सजीवांत अतिशय साठणारं’ म्हणून चिंताजनक द्रव्यांच्या यादीत घातलं, आणि ऑगस्ट २०१४ नंतर खास परवानगीशिवाय त्याचा वापर तिथे बंद झाला. म्हणजे १८८८ च्या शोधातून जन्मलेल्या या द्रव्यांचा हिशेब पुरा व्हायला सव्वाशे वर्षं लागली. एवढा वेळ का लागला? धुतल्यावर ती जाते कुठे, हा प्रश्न पहिल्या दिवशी विचारला गेला नाही म्हणून.

नायट्रो कस्तुरीची जागा दुसऱ्या घराण्यानं घेतली. या रेणूंत लहान लहान कडी एकमेकांना जोडलेली असतात आणि कडेला मिथाइल गटांची दाट झालर असते. त्यांतलं सर्वांत प्रसिद्ध नाव गॅलॅक्सोलाइड. ते १९६० च्या दशकात आलं आणि जगात त्याचं उत्पादन वर्षाला हजारो टनांवर गेलं. ते एवढं चाललं कशामुळे? कपडे धुण्याच्या पावडरीचं पाणी खारट-अल्कधर्मी असतं, त्यात नाजूक सुगंधी द्रव्यं फुटून जातात. गॅलॅक्सोलाइड फुटत नाही. शिवाय पाणी सोडून ते कापडाला चिकटतं, आणि दोरीवर वाळून, घडी होऊन, कपाटात पडून राहिलेल्या कपड्यालाही मंद वास येत राहतो. तेल आणि पाणी शेजारी ठेवलं, तर तेलात ते पाण्याच्या लाखो पट उतरतं. आता नीट ऐका, कारण सगळा मुद्दा इथे आहे. पाणी सोडून कापडाला चिकटण्याचा जो गुण कारखान्याला हवा होता, तोच गुण पुढे सांडपाण्याच्या गाळाला आणि माशाच्या चरबीला चिकटण्याच्या कामी येतो. अल्कात न फुटण्याचा कणखरपणा घेऊनच तो रेणू जिवाणूंसमोर जातो. कड्यांभोवतीची ती झालर जिवाणूंच्या विकरांना सहज आत शिरू देत नाही. सांडपाणी शुद्धीकरण केंद्रात त्याचा मोठा भाग पाण्यातून निघतो हे खरं, पण निघून बराचसा गाळात जातो, आणि तो गाळ पुष्कळ ठिकाणी शेतात खत म्हणून पसरला जातो. केंद्रच नसेल आणि नाला थेट नदीत उतरत असेल, तर तेवढाही टप्पा मध्ये येत नाही. आपल्याकडच्या किती गावांचं सांडपाणी असं थेट जातं, ते तुम्ही जाणताच.

यावर जाणकार मंडळी एक आक्षेप घेतात आणि तो हलका नाही. ते म्हणतात, प्रमाण तरी पाहा. नदीच्या लिटरभर पाण्यात ग्रॅमचा अब्जांश, फार तर दशलक्षांश. युरोपीय संघानं २००८ मध्ये गॅलॅक्सोलाइडची सविस्तर तपासणी पुरी केली, तेव्हा नवे निर्बंध घालण्याइतका धोका त्यांना दिसला नव्हता. हे मान्य करायला हवं. घाबरवून सोडणारी भाषा मला वापरायची नाही. या द्रव्यानं अमुक रोग होतो असं म्हणण्याजोगा पुरावा नाही आणि मी तसं म्हणत नाही. पण ‘प्रमाण कमी’ हे उत्तर लवकर मोडणाऱ्या वस्तूला लागू पडतं. सावकाश मोडणारी वस्तू घराघरांतून रोज ओतली जात असेल, तर एका दिवसाच्या प्रमाणानं काही ठरत नाही, आवक आणि जावक यांचा मेळ पाहावा लागतो. झाकणाला लोणचं एकदा लागलं तर वास कदाचित जाईलही. लोणचं रोजच लागत असेल तर उद्याच्या धुण्याआधी पुन्हा भर पडलेली असते. आणि दुसरी गोष्ट. २००५ साली अमेरिकेत कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यावरच्या शिंपल्यांवर एक प्रयोग झाला. पेशीत शिरलेलं परकं द्रव्य बाहेर फेकणारे पंप त्यांच्या कल्ल्यांत असतात. या कस्तुरी द्रव्यांनी ते पंप मंदावले, आणि द्रव्य काढून घेतल्यानंतरही परिणाम एक-दोन दिवस राहिला. प्रयोगातलं प्रमाण नद्यांत सहसा आढळतं त्यापेक्षा जास्त होतं, हे सांगितलंच पाहिजे. पण त्यातून दिसलेली वाट विचार करायला लावणारी आहे. द्रव्य स्वतः विषारी नसेल, तरी पहारेकऱ्याचे हात बांधल्यावर दुसरं विष आत राहू शकतं. एकेका द्रव्याला सुटं तपासणाऱ्या पद्धतीला हे सहज दिसत नाही. या मिश्रणांच्या प्रश्नावर खरं तर वेगळं भाषण लागेल.

दुसरा आक्षेप असा की मग पर्याय काय, पुन्हा मृग मारायचे? मुळीच नाही. पर्याय रसायनशास्त्रातच आहे, आणि तो मृगाकडूनच शिकलेला आहे. १९२६ साली लिओपोल्ड रुझिका यांनी मस्कोनची रचना उलगडली. त्यात १५ कार्बन अणूंचं एकच मोठं कडं निघालं. एवढं मोठं कडं टिकूच शकणार नाही असं त्या काळचं शास्त्र मानत होतं, आणि मृगाच्या ग्रंथीत ते सुखानं नांदत होतं. रुझिकांना १९३९ च्या रसायनशास्त्राच्या नोबेलमध्ये वाटा मिळाला तो अशाच संशोधनासाठी. मोठ्या कड्याच्या या घराण्यातल्या बऱ्याच सदस्यांत एक कमकुवत सांधा असतो, एस्टरचा. जिवाणू तिथे कात्री लावतात, कडं उघडतं, आणि उघडलेली साखळी साध्या चरबीसारखी खाल्ली जाते. ही द्रव्यं महागडी असतात, हे उत्तर यावर नेहमी मिळतं. मोठं कडं जुळवणं अवघड असतं हे खरंच. साखळीची दोन टोकं एकमेकांना सापडण्याआधी शेजारच्या साखळीला जाऊन भिडतात. पण या घराण्यात एथिलीन ब्रॅसिलेटसारखी तुलनेनं स्वस्त द्रव्यंही आहेत, आणि ते बनवण्याचा एक मार्ग मोहरीच्या तेलातल्या इरुसिक आम्लापासून सुरू होतो. ज्या मोहरीनं लोणच्याचं झाकण वासानं भरलं, तिच्याच तेलातून अशी कस्तुरी येते की जी काम संपल्यावर निघून जाते. पैशाचं म्हणाल, तर गाळाची, नदीची, मासळीची किंमत पावडरीच्या पुड्यावर छापत नाहीत, म्हणून जुनी कस्तुरी स्वस्त दिसते.

आता थोडं आपल्याबद्दल, आणि इथे मी जरा रागावणार आहे. आठ दिवसांनी कपाटातून काढलेल्या सदऱ्याला वास आला की आपण त्याला स्वच्छ म्हणतो. स्वच्छ कापडाला वास नसतो. मळ निघाला की काम झालं, नंतर येतो तो मागे उरलेल्या द्रव्याचा वास. ‘कितीतरी आठवडे सुगंध’ असं पाकिटावर वाचून आपण ते उचलतो, तेव्हा न मोडणारा रेणू आपणच मागून घेत असतो. कारखाना मागणी पुरवतो. आणि मागच्या बाजूला घटक वाचायला जावं तर सगळा सुगंध ‘परफ्यूम’ या एका शब्दात मिटवलेला. त्या शब्दात वीस द्रव्यं असतील, पन्नासही असतील. कस्तुरी तर सहसा एकटी नसतेच, कारण कित्येकांच्या नाकाला ठराविक कस्तुरी कळतच नाही, म्हणून सुगंधकार दोन-तीन प्रकार मिसळतात. एकाला न येणारा वास दुसऱ्यातून यावा म्हणून. हाही फार मोठा विषय आहे, पण घड्याळ पुढे सरकलं आहे.

लताकस्तुरीबद्दलही बोलायचं होतं. भेंडीच्या कुळातलं हे आपल्या देशातलं झुडूप. त्याच्या बियांच्या तेलात ॲम्ब्रेटोलाइड नावाचं मोठ्या कड्याचं, एस्टरचा सांधा असलेलं द्रव्य असतं, आणि आपले अत्तरवाले ते बी पूर्वीपासून वापरत आले आहेत. ते राहिलं. जाता जाता एकच विनंती. घरातल्या पावडरीच्या पाकिटावर ग्राहक सेवेचा पत्ता छापलेला असेल. त्यावर एक पत्र पाठवा. ‘नैसर्गिक आहे का’ असं विचारू नका, त्याला ‘हो’ म्हणणं फार सोपं असतं. विचारा, यात कस्तुरीचं कोणतं द्रव्य आहे, आणि आमच्या घरातून नाल्यात गेल्यावर ते किती दिवसांत मोडतं?