डायना एडुलजी : बळी 63, नोकऱ्या कितीतरी

मंडळी, शांता रंगास्वामी, भारतीय महिला संघाची 1976 सालची वेस्ट इंडीजविरुद्धची पहिली मालिका, पाटण्याचा विजय, हे सगळं पुढच्या तीन रांगांना पाठ आहे. मागच्यांनी त्यांना विचारावं. (हशा) आजचा विषय डायना एडुलजी. आणि एक गोष्ट आधीच सांगून टाकलेली बरी: कसोटीतल्या त्यांच्या 63 बळींपेक्षा मुलींच्या रेल्वेतल्या नोकऱ्यांसाठी त्यांनी केलेली खटपट मोठी आहे.

कुजबुज ऐकू येते आहे. बळींना कुणी कमी लेखत नाही! डावखुरी फिरकी, 20 कसोटी, आणि भारतीय महिलांमध्ये इतके कसोटी बळी आजही दुसऱ्या कुणाचे नाहीत. कर्णधारपदाची सुरुवात मात्र बिकट. 1 जानेवारी 1978, ईडन गार्डन्स, भारतीय महिलांचा पहिलाच एकदिवसीय सामना, समोर इंग्लंड. भारत सर्वबाद 63. हो, आकडा तोच. (हशा) घरचा वर्ल्ड कप, संघ चार, आणि आपण तिन्ही सामने हरलो.

महिला क्रिकेटची संघटना स्थापन होऊन तेव्हा पाच वर्षंही झाली नव्हती. 1973 साली पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली ती पुण्यात. संघ तीन, मुंबई, महाराष्ट्र आणि उत्तर प्रदेश. (टाळ्या) टाळ्या जरा जपून. त्या काळी मुली अनारक्षित डब्यातून सामन्यांना जायच्या, खर्च बहुधा पदरचा.

आता लॉर्ड्सचा किस्सा. दोन मिनिटांत सांगतो म्हणणाऱ्यांना तो आजवर दोन मिनिटांत जमलेला नाही. 1986 चा इंग्लंड दौरा. एडुलजींना पॅव्हेलियनमध्ये प्रवेश नाकारला, बाईमाणसाला मज्जाव. त्या म्हणाल्या, लॉर्ड्सच्या मालक क्लबनं, एमसीसीनं, नाव बदलून एमसीपी करावं. पुरुषी अहंकाराला इंग्रजीत जी शिवी आहे, तिची ती आद्याक्षरं. शिवी इथे उच्चारली तर अध्यक्ष माइक काढून घेतील. क्लब 1787 चा, बायकांना सभासदत्व देण्याचा ठराव 1998 चा. 211 वर्षं! इंग्लंडच्या माजी कर्णधार रेचल हेहो-फ्लिंट यांनी 1991 साली अर्जावर ‘आर. फ्लिंट’ एवढंच लिहून पाहिलं होतं. 1998 च्या फेब्रुवारीतही ठराव पडला, सप्टेंबरात तो पास झाला. आपल्याकडच्या जिमखान्यांचे जुने नियम काढले तर... नको, समोर सभासद बसलेत. (हशा)

अध्यक्षांनी घड्याळ दाखवलं. आणि ही चिठ्ठी आली आहे: ‘क्रिकेटवर बोला, नोकरभरतीवर नको.’ अहो, क्रिकेटवरच चाललंय. महिन्याचा पगार आणि सरावाला सुट्टी नसेल, तर विशीतली मुलगी खेळत राहणार कशी? एडुलजी वाढल्या कुलाब्याच्या बधवार पार्क रेल्वे वसाहतीत आणि पुढे पश्चिम रेल्वेत क्रीडा अधिकारी झाल्या. रेल्वेचा महिला संघ उभा करण्यात त्यांचा वाटा होता; राष्ट्रीय एकदिवसीय विजेतेपद नंतर बहुतेक वर्षी त्याच संघाकडे गेलं. हरमनप्रीत कौरला पश्चिम रेल्वेत घ्यावं म्हणूनही त्यांनीच नेट लावला. 2017 च्या वर्ल्ड कपची अंतिम लढत लॉर्ड्सवरच होती. भारत 9 धावांनी हरला. त्या संघातल्या पंधरापैकी दहा जणी रेल्वेच्या. रेल्वेमंत्री सुरेश प्रभूंनी त्यांना प्रत्येकी 13 लाख जाहीर केले.

घंटा झाली. महिला संघटनेचं 2006 चं बीसीसीआयमधलं विलीनीकरण राहिलं, आणि त्याच बीसीसीआयच्या कारभारावर 2017 साली सुप्रीम कोर्टानं एडुलजींना नेमलं, तेही. चिठ्ठी पाठवणाऱ्यांनी चहाच्या वेळी जरूर भेटावं.