नावाचा अर्थ

बाराव्या दिवशी पाळणा सजतो, गोविंद-गोपाळांच्या नावाने बाळाची देवघेव होते आणि आत्या पाळण्यात वाकून बाळाच्या कानात नाव सांगते. ते नाव बाहेर फुटले की जमलेल्या बायकांतून हमखास प्रश्न येतो, ‘अर्थ काय हो याचा?’ आजोबांचे किंवा कुलदेवतेचे नाव ठेवण्याची रीत होती, तेव्हा हा प्रश्न फारसा उठत नसे. विठ्ठल म्हणजे विठ्ठल, गंगा म्हणजे गंगा. नावीन्याची आणि नादमाधुर्याची ओढ वाढली, तसा अर्थ शोधावा लागू लागला, आणि तो पुरविण्याचे काम नामावलींच्या पुस्तकांकडे आले.

या नामावल्या उदार असतात. ‘आरव’ या आज लोकप्रिय असलेल्या नावापुढे बहुधा ‘शांत’ असा अर्थ दिलेला असतो. संस्कृत कोश उघडला तर ‘आरव’ म्हणजे आवाज, आरडाओरड. ‘रव’ म्हणजे ध्वनी. त्याच्यामागे नकारार्थी ऱ्हस्व ‘अ’ असता, तर ‘अरव’ म्हणजे नि:शब्द झाला असता. येथे मात्र ‘आ’ हा उपसर्ग आहे. एका कान्याने अर्थ पार उलटला. मध्यरात्री पाळण्यातून उठणारा स्वर ज्यांनी ऐकला आहे, त्या मातापित्यांना कोशातलाच अर्थ अधिक पटावा! ‘अनिकेत’चा अर्थ ‘जगाचा स्वामी’ असाही छापलेला आढळतो. निकेत म्हणजे घर. ज्याला घर नाही तो अनिकेत. गीतेच्या बाराव्या अध्यायात हा शब्द भक्ताचे लक्षण म्हणून येतो, घरादारात ज्याचे मन गुंतलेले नाही अशा पुरुषाविषयी. अर्थ उदात्तच आहे, पण त्यात स्वामित्वाचा लवलेशही नाही.

तेव्हा शब्दाची फोड करावी, कोश पाहावा आणि तो शब्द ग्रंथांत कोणत्या संदर्भात आला आहे, हेही पाहावे. मात्र प्रत्येक नाव संस्कृतातच शोधण्याचा हट्ट धरू नये. ‘गुलाबराव’ हे अस्सल मराठमोळे नाव. फारसीत ‘गुल’ म्हणजे फूल आणि ‘आब’ म्हणजे पाणी. मुळात गुलाब हे फुलाचे पाणी; आपल्याकडे ते फुलाचेच नाव होऊन बसले. हैबतरावातली ‘हैबत’ अरबी आहे, तिचा अर्थ दरारा.

भोसल्यांच्या घराण्यात तर याचे फार बोलके उदाहरण आहे. मालोजीराजांनी अहमदनगरच्या शाह शरीफ या पिराला नवस केला आणि झालेल्या दोन पुत्रांची नावे शहाजी व शरीफजी ठेवली, अशी परंपरा आहे. शरीफजी १६२४मध्ये भातवडीच्या लढाईत पडले. पण त्यांचे नाव शहाजीराजांच्या वंशजांबरोबर दक्षिणेत गेले आणि तंजावरच्या गादीवर ‘सरफोजी’ होऊन बसले. १७९८ ते १८३२ या काळात राज्य करणारे दुसरे सरफोजी विद्याव्यासंगी म्हणून ख्यातनाम आहेत. त्यांच्यावर रचलेल्या तमिळ कुरवंजी नाटकात मात्र त्यांचे नाव ‘शरभेंद्र’ असे येते. शरभ हा पुराणांतला सिंहाहूनही बलाढ्य प्राणी. पिराच्या नावाला असे पौराणिक वस्त्र चढले. नव्या नामावल्यांनीच अर्थ रचले असे नव्हे. दरबारातही ते रचले जात.

कोशापुढेही कधी कधी वाट संपते. दगडू, धोंडू, केरबा या नावांचा शब्दार्थ कोणालाही कळतो, पण तो सांगून काहीच सांगितल्यासारखे होत नाही. आधीची मुले दगावली की पुढच्या मुलाला असे टाकाऊ नाव देत, म्हणजे दृष्ट लागू नये आणि मृत्यूलाही त्याचा मोह पडू नये. शब्द तुच्छतेचा आणि भाव मात्र जिवापाड मायेचा.

‘नकुशा’ची गोष्ट वेगळी. मुलीवर मुली झाल्या की शेवटचीला हे नाव देत, आणि येथे शब्द व भाव यांत अंतर नव्हते. नको होती, म्हणून नकुशा. हजेरीत रोज तेच नाव पुकारले जाई. सातारा जिल्ह्यात २०११च्या ऑक्टोबरात एका समारंभात अशा अडीचशेहून अधिक मुलींचे पुन्हा नामकरण झाले. कोणी पुराणातले नाव निवडले, कोणी चित्रपटातल्या नटीचे. आणि प्रत्येकीच्या हाती तिच्या नव्या नावाचे प्रमाणपत्र देण्यात आले.