माशीमारांचं आडनाव

आजचा पाहुणा आहे जेमतेम दहा ग्रॅम वजनाचा. दोन रुपयांच्या दोन नाण्यांएवढा म्हणा ना. प्रश्न एवढाच, की त्याला कुठल्या घरातला मानायचं?

आमच्या भाईंदर स्टेशनवर "ओ पाटील!" अशी हाक मारून बघा. पाच-दहा जण तरी वळतील. कुणी आगरी, कुणी मराठा, कुणी खानदेशातले लेवा. सगळे भाऊबंद का? अजिबात नाही. पाटील ही मुळात कामाची ओळख. 'माशीमार' हे नाव तसंच. फांदीवरून झेपावून उडता किडा टिपणारा तो माशीमार. रक्ताचं नातं असेलच असं नाही.

जुन्या पक्षीशास्त्रात या सगळ्यांना एकाच कुळात कोंबलं होतं. स्वर्गीय नर्तक, नाचण, राखी डोक्याचा माशीमार, सगळे एका छपराखाली. डीएनए तपासल्यावर या तिघांची तीन वेगळी कुळं निघाली. उलट आपल्या सोसायटीत पहाटे शीळ घालणारा दयाळ! त्याला कस्तुरांचा नातेवाईक समजत होते, तो निघाला खऱ्या माशीमारांच्या घरातला.

आता या घरातली एक खोली उघडू. तिचं नाव 'फिसेड्युला'. ही प्रजाती ब्रिसन या फ्रेंच अभ्यासकाने 1760 मध्ये मांडली. यातलाच लाल छातीचा माशीमार, फिसेड्युला पार्वा. पूर्व युरोपात घरटं करतो आणि हिवाळ्यात आपल्याकडे येतो. काशिमीऱ्यापासून चेण्यापर्यंत, नॅशनल पार्कच्या कडेने चाला. झाडीतून 'ट्रर्रर्र' असा आवाज आला आणि शेपटी वर उचलताना मुळाशी दोन्ही बाजूंना पांढरं दिसलं, तर समजा हाच. लाल छाती शोधत बसू नका. ती मोठ्या नरालाच असते, माद्या आणि पोरं साधी तपकिरी.

गंमत पुढे आहे. सायबेरियात याच्यासारखाच एक राहतो, ताइगा माशीमार. जुन्या भारतीय पुस्तकांत तो वेगळा नाही, पार्वाचीच एक उपजात आहे. पण त्याचा 'ट्रर्रर्र' जास्त जलद, चोच पूर्ण काळी, नराचा लाल रंग फक्त गळ्यापुरता आणि त्याभोवती राखाडी. शेपटीच्या मुळावरची पिसं शेपटीपेक्षाही काळी कुळकुळीत. गाणंही वेगळं. हे सगळं जुळवल्यावर तो स्वतंत्र जात ठरला, फिसेड्युला अल्बिसिला. त्याचा हिवाळा मुख्यतः पूर्व भारतात आणि त्यापुढे जातो.

तुम्ही म्हणाल, नाव बदलून काय फरक पडतो? पडतो. काश्मीर माशीमार घ्या. त्यालाही एकेकाळी याच पार्वाची उपजात मानत. पार्वा पूर्व युरोपात दूरवर पसरलेला, त्यामुळे काळजी कशाला? पण काश्मीर माशीमार वेगळा मोजला, तेव्हा दिसलं की त्याची वीण होते ती हिमालयाच्या वायव्य भागातल्या थोड्याशा जंगलांत. हिवाळ्यात तो नीलगिरी आणि श्रीलंकेकडे जातो. आज तो धोक्यात असलेल्या पक्ष्यांच्या जागतिक यादीत आहे. रेशन कार्डावर नाव नसलेल्या माणसाचं धान्य कोण मोजणार? पक्ष्याचंही तसंच.

म्हणून एक काम सांगतो. ऑक्टोबर ते मार्च, फोन खिशात असतोच ना? आवाज रेकॉर्ड करा. जमलं तर चोच आणि शेपटीचा फोटो घ्या. मर्लिन ॲप नाव सुचवेल, पण तो अंदाज आहे, निकाल नाही. आवाज आणि फोटो ताडून मगच ई-बर्डवर नोंद टाका. शंका असेल तर 'पार्वा किंवा ताइगा' एवढंच लिहा, त्यात कमीपणा नाही. इमारतींच्या या गर्दीत कोणता पाहुणा अजून येतोय, हे उद्या कुणी विचारलं, तर उत्तर तुमच्या नोंदीत असेल.

भेटू पुढच्या भागात. तोवर कान उघडे ठेवा, अधूनमधून इअरफोन काढूनसुद्धा!