हशाचा भाव कोण ठरवतो?



नीरा डाव्या कालव्याच्या पाण्यावर बारामती-इंदापूरच्या शिवारात ऊस उभा राहिला. अलीकडे तेथे विनोदाचेही पीक येऊ लागले आहे. बारामती तालुक्यातील कांबळेश्वरची ‘चांडाळ चौकडीच्या करामती’ ही छोट्या विनोदी कथांची मालिका यूट्यूबवरून घरोघर पोहोचली. ना स्टुडिओ, ना वितरक; गावच रंगभूमी आणि गावकरीच नट!

विनोदपटाच्या निर्मात्याची वाट पूर्वी दोन ठिकाणी अडे : भांडवलापाशी आणि पडद्यापाशी. दादासाहेब फाळके यांनी मूकपटांच्या आरंभकाळात ‘पिठाचे पंजे’सारखे लघुविनोदपट काढले. पुढे भागीदारांच्या भांडवलावर कंपनी उभी राहिली आणि मतभेदांमुळे काही काळ त्यांनाच तिच्याबाहेर पडावे लागले. राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात घडलेल्या दादा कोंडके यांनी १९७१ साली ‘सोंगाड्या’ काढला. परंतु दादरमध्ये पडदा मिळावा म्हणून त्यांना शिवसेनेची मदत घ्यावी लागली. श्रमिकांना हसवणाऱ्या कलावंताच्या मागे श्रमिकांच्या संघटना का उभ्या नव्हत्या, हा प्रश्न आजही बोचणारा आहे.

आज पडदा प्रेक्षकाच्या खिशात आहे. म्हणून निर्माता स्वतंत्र झाला काय? जाहिरातींच्या उत्पन्नात वाटा हवा, तर साधारणतः १००० वर्गणीदार आणि वर्षभरात ४००० तासांचे प्रेक्षण, ही यूट्यूबची अट आहे. त्यानंतर मोठ्या चित्रफितींवरील उत्पन्नाच्या १०० रुपयांतील ५५ निर्मात्याला, ४५ कंपनीला. वाटणी दिसते उदार. पण मुळात ते १०० रुपये किती वेळा जमावेत, कोणती चित्रफीत कोणापुढे यावी, हे कंपनीची यंत्रणा ठरवते. निर्मात्याला त्यात मत नाही.

उसाचे तसे नाही. १९६६ च्या ऊस नियंत्रण आदेशानुसार उसाचा किमान दर सरकार ठरवते आणि पैसे १४ दिवसांत द्यावे लागतात. माळेगाव, सोमेश्वर, भवानीनगर येथील सहकारी कारखान्यांत उत्पादक हाच सभासद. सहकारात घराणी शिरली, थकबाकीसाठी आंदोलने करावी लागली, हे खरेच. तरीही वार्षिक सभेत उभे राहून हिशेब मागण्याचा हक्क सभासदाला आहे.

हसवणाऱ्यालाही हा हक्क हवा. या दोन तालुक्यांतील कलावंतांनी सहकारी संस्था काढून कॅमेरे व संकलनाची साधने सामाईक करावीत, जाहिरातदारांशी एकत्रित बोलणी करावीत. उसाच्या काट्यावर नजर ठेवणाऱ्या शेतकऱ्याच्या मुलाने आपल्या हशाचे वजनही तपासून घ्यावे.