गोळी न देणारी बाई

(विहाराच्या वर्धापनदिनी पिंपळवंडी येथे केलेल्या भाषणाचा मजकूर. बोलताना जे राहिले ते लिहिताना भरून घेतले आहे.)



कार्यकारिणीने आम्हाला विषय विचारला तेव्हा आम्ही म्हणालो, "वेडाच्या डॉक्टरवर बोलतो." दोघा-तिघांनी एकमेकांकडे पाहिले. वर्धापनदिनाला असला विषय कशाला, हे त्यांच्या तोंडावर दिसत होते. पण आपल्या वस्तीत असे एक तरी घर दाखवा की जिथे कुणाची झोप उडालेली नाही, कुणी बाटलीला लागलेले नाही, की एखादी पोर एकाएकी गप्प झालेली नाही. ताप-खोकला आपण चारचौघांत बोलतो, हे बोलत नाही, एवढाच फरक. आणि आम्ही जे नाव सांगितले तेही चुकीचेच होते. ज्या माणसाविषयी आज बोलायचे आहे तो फक्त वेड्यांचा नाही, आणि डॉक्टर तर मुळीच नाही. त्याला क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट म्हणतात. मराठी पुस्तकांत चिकित्सा मानसशास्त्रज्ञ असे लिहितात. आम्ही आपले साधे सांगतो : गोळी न देता मन तपासणारा माणूस.

आता हे आम्हाला कसे कळले ते आधी सांगतो. आम्ही नववी नापास, आयुष्य साच्यावर गेले. २००० साली आमच्या धाकट्या भावाची मुंबईतली गिरणी बंद झाली. (हे सांगायची परवानगी त्याने दिली आहे, नाव घ्यायची नाही.) आलेल्या पैशांत त्याने टेम्पो घेतला, तो बुडाला, आणि तो गावी परत आला. सुरुवातीला माणसांत मिसळायचा, पुढे मिसळेना. पहाटे तीनला उठून ओट्यावर बसायचा. ताटातली भाकरी निम्मी तशीच. भावजयीशी बोलणे बंद. आई म्हणाली, हे बाहेरचे आहे.

आणि आम्ही काय केले? दर १४ ऑक्टोबरला याच विहारात बावीस प्रतिज्ञा मोठ्याने म्हणणारे आम्ही, त्याला रात्री मोटारसायकलवर मध्ये बसवून देवऋषीकडे घेऊन गेलो. तेही मुद्दाम दुसऱ्या तालुक्यात, इथल्या कुणी पाहू नये म्हणून. अंगारा झाला, उतारा झाला, गळ्यात गंडा आला, कोंबडी किती गेली त्याचा हिशेब नाही. यात अडीच वर्षे गेली. एका संध्याकाळी तो विहिरीच्या काठावर चप्पल काढून बसलेला शेजारच्या पोराला दिसला. ते पोर ओरडले नसते तर आज हे भाषण नसते.

२००३ मध्ये आळेफाट्याहून एस.टी.ने त्याला पुण्याला नेले. एका मोठ्या दवाखान्यात डॉक्टरांनी पाहिले, गोळ्या लिहिल्या आणि चिठ्ठी देऊन शेजारच्या खोलीत पाठवले. तिथे साधी साडी नेसलेली एक बाई. टेबलावर रंगीत ठोकळे, शाई सांडल्यासारख्या डागांची कार्डे, आणि एक वही. ना नळी, ना इंजेक्शन. दोन तास झाले तरी दार उघडेना. आम्ही बाहेर बाकावर तापलो. शेवटी आत शिरून म्हणालो, "मॅडम, ऐंशी-पंच्याऐंशी किलोमीटरवरून आलोय. लहान पोराचे खेळ कसले चाललेत? डॉक्टर आहात ना तुम्ही?" त्या शांतपणे म्हणाल्या, "नाही दादा, मी डॉक्टर नाही. मी सायकॉलॉजिस्ट. तुम्ही बसा, तुमच्याशीही बोलायचे आहे."

मग त्यांनी आम्हाला विचारले, "तीन वर्षांत घरातल्या कुणी त्याला विचारले का, की तुझ्या मनात मरायचे येते का?" आम्ही म्हणालो, असे विचारले तर नसलेले डोक्यात येईल. त्या म्हणाल्या, "विचारल्याने येत नाही. आलेले असते ते बाहेर पडते." मंडळी, आजच्या भाषणातले बाकी सगळे विसरलात तरी चालेल, पण हे वाक्य घरी न्या.

भावाला नैराश्याचा आजार होता. गोळ्या डॉक्टरांच्या आणि बैठका या बाईंच्या, असे वर्षभर चालले. तेव्हापासून आमच्या डोक्यात एकच घोळत राहिले, की डॉक्टर नसलेली ही बाई दवाखान्यात आली कुठून? मग पाळी सुटली की वाचनालय, असे करत थोडेफार वाचले.

आपल्याकडे मनाच्या आजाराचा सरकारी इतिहास दवाखान्यापासून सुरू होत नाही, कोंडवाड्यापासून होतो. इंग्रजांनी १९१२ साली वेड्यांचा कायदा केला. त्यात पोलीस आणि मॅजिस्ट्रेट यांचे काम मोठे, उपचाराचे लहान. नागपूर, रत्नागिरी, ठाणे आणि येरवडा ही आपल्या राज्यातली चार जुनी मनोरुग्णालये. येरवड्याचे १९१५ चे. आपल्या बोलण्यात "येरवड्याला पाठवा याला" म्हणतात, ते या एका गोष्टीमुळे. तिथे जेल पण आहे आणि हे पण आहे, लोकांनी दोन्ही एकच धरले.

ही गोळी न देणारी मंडळी मात्र त्या कोंडवाड्यातून आलेली नाहीत. ती आली शाळेतून. जर्मनीत लाइपझिग येथे वुंट नावाच्या प्राध्यापकाने १८७९ मध्ये मानसशास्त्राची प्रयोगशाळा काढली. त्याच्याकडे शिकलेला विटमर हा अमेरिकन. १८९६ मध्ये फिलाडेल्फियात एक शिक्षिका त्याच्याकडे एका पोराला घेऊन आली. पोरगा हुशार, पण शब्द काही केल्या नीट लिहिता येईना. विटमरने त्याला तपासले, तिथूनच जगातला पहिला मानसशास्त्रीय दवाखाना सुरू झाला. १९०७ मध्ये त्यानेच या धंद्याला नाव दिले. म्हणजे पहिला पेशंट वेडा नव्हता, बाकावर मागे बसणारे एक पोर होते. आम्हाला नववीत कुणी असे तपासले असते तर, असा विचार मनात येतोच.

पुढे १९०५ मध्ये पॅरिसच्या बिने याने मुलांची बुद्धी मोजायची चाचणी काढली. कोणत्या मुलाला शाळेत जास्त मदत लागेल हे कळावे एवढाच त्याचा हेतू. आपल्याकडे व्ही. व्ही. कामत यांनी तीच चाचणी धारवाडकडच्या मुलांवर कन्नड आणि मराठीत बेतली. बिने-कामत चाचणी हे नाव आजही मतिमंदत्वाच्या दाखल्यासाठी रांगेत उभ्या राहिलेल्या आईबापांच्या कानावर पडते.

इथे थोडे थांबतो, कारण ही बाजू आपल्याला जास्त लागते. मोजपट्टी ज्याच्या हातात असते तो तिने दुसऱ्याला कमी पण ठरवतो. पहिल्या महायुद्धात अमेरिकेने सतरा लाखांच्या वर सैनिकांची अशी परीक्षा घेतली. निरक्षरांसाठी चित्रांची वेगळी परीक्षा होती. तरीही त्या आकड्यांवरून ब्रिगॅम नावाच्या विद्वानाने १९२३ मध्ये पुस्तक लिहून अमुक देशांतून आलेले लोक बुद्धीने कमी असे सांगितले. १९३० मध्ये त्यानेच ते मागे घेतले, पण मधल्या काळात जे व्हायचे ते नुकसान झाले. जन्मावरून अक्कल ठरवणारे तत्त्वज्ञान आपल्याला नवीन नाही. फरक इतकाच, की तिथे चुकीची कबुली सात वर्षांत आली. शहरी घरातले शब्द वाड्यावरच्या पोराला विचारायचे आणि उत्तर आले नाही की मंद म्हणायचे, हा धोका चाचणीत आजही आहे, आणि चांगला मानसशास्त्रज्ञ तो ओळखून असतो. १९५५ मध्ये भाटिया यांनी शिकलेल्या आणि न शिकलेल्या दोघांनाही चालेल अशी कृतींची चाचणी आणली. तिच्यात रंगीत ठोकळे आहेत. आमच्या भावासमोरचे ते "लहान पोराचे खेळ" कशासाठी असतात हे आम्हाला असे उशिरा कळले.

बराच काळ ही मंडळी चाचणी घेऊन कागद डॉक्टरच्या हाती देणारी, एवढीच होती. दुसऱ्या महायुद्धातून माणसे मनाने मोडून परत आली, डॉक्टर पुरेनात, तेव्हा अमेरिकेने यांना उपचारालाही बसवले. १९४९ मध्ये बोल्डर येथे परिषद भरवून शिक्षण कसे असावे हे ठरवले : संशोधनही यायला हवे आणि माणसासमोर बसताही यायला हवे.

आपल्या मुंबईत सुरुवात त्याच्याही आधीची. १९३६ मध्ये नागपाड्याला टाटांची समाजकार्याची शाळा निघाली, आणि १९३७ मध्ये तिथे मुलांसाठी मार्गदर्शन केंद्र सुरू झाले. देशातले ते पहिले. पुढच्या वर्षी जे.जे. रुग्णालयात डॉ. मसानी यांनी मनाच्या आजाराचे बाह्यरुग्ण काम सुरू केले. नागपाडा म्हणजे गिरणगावाला लागूनच. आमचे आजोबा तेव्हा मुंबईत बदली कामगार होते, पण चाळीत कुणाला याचा पत्ता नव्हता.

१९४६ च्या भोर समितीने लिहून ठेवले, की देशात साधारण चाळीस हजार माणसांमागे मनोरुग्णालयाची एक खाट आहे, इंग्लंडात तीनशे माणसांमागे एक. त्या समितीच्या सांगण्यावरून बंगळूरला १९५४ मध्ये मोठी संस्था उघडली आणि लगोलग वैद्यकीय मानसशास्त्राचा अभ्यासक्रम सुरू झाला. त्यालाच आज निम्हान्स म्हणतात. मग रांची. १९६८ मध्ये या लोकांची अखिल भारतीय संघटना झाली. आम्ही युनियनवाले, म्हणून सांगतो, संघटना झाली की धंद्याला तोंड फुटते. १९९२ च्या पुनर्वसन परिषदेच्या कायद्याने नोंदणी आली. दवाखान्यात शिकून नोंदणी करायची, मगच पाटी लावायची. चार महिन्यांचा कोर्स करून पाटी लावणारे आजही आहेत, तेव्हा नोंदणी विचारा, लाजू नका. २०१७ च्या कायद्याने, जो २०१८ पासून लागू झाला, या व्यवसायाची व्याख्याच केली. माणसाला साखळीने बांधणे हा त्याच कायद्याने गुन्हा ठरला. २००१ मध्ये तामिळनाडूत एरवाडीला आग लागली आणि साखळ्यांत बांधलेली २८ माणसे गेली, ती आठवण त्यामागे आहे. तीही घरच्यांनी बरी होतील म्हणूनच आणून सोडलेली होती. आम्ही त्यांच्या घरच्यांना नावे ठेवू शकत नाही.

डॉक्टर मोठा की मानसशास्त्रज्ञ, असे आम्हाला विचारतात. गिरणीत धागा सारखा तुटायला लागला तर चांगला जॉबर आधी पाहतो, की दोष साच्यात आहे, सुतात आहे, की खात्यातली हवा कोरडी पडली आहे. मनोविकारतज्ज्ञ हा एम.बी.बी.एस. करून पुढे शिकलेला, औषध तोच देणार. मानसशास्त्रज्ञ चाचणी घेतो, बैठका घेतो, माणसाच्या विचाराची गाठ कुठे बसली ते त्याच्याकडूनच सोडवून घेतो. भावाला एकट्या गोळीने झोप आली होती, बोलणे आले नव्हते. १९८६ मध्ये अवचट पती-पत्नींनी पुण्यात मुक्तांगण काढले, तिथेही दारू सोडवताना औषध थोडे दिवस आणि बोलणे फार दिवस, असेच चालते.

अडचण अशी, की ही माणसे थोडी आणि शहरात. २०१५-१६ मध्ये निम्हान्सने बारा राज्यांत पाहणी केली. त्यात आपले राज्य नव्हते, पण आकडा आपल्यालाही लागू पडेल असा आहे. निरनिराळ्या मनाच्या आजारांत शंभरातल्या ७० ते ९२ जणांना उपचार मिळत नव्हता. १९९६ पासून जिल्हा मानसिक आरोग्य कार्यक्रम आहे, त्यात मानसशास्त्रज्ञाचे पद धरलेले आहे. तेव्हा तरुण मंडळींनी निवेदन लिहायला घ्यावे : नारायणगाव, जुन्नर, मंचर इथे तो माणूस कोणत्या वारी येतो, आणि येत नसेल तर का नाही. सही पहिली आमची. तोवर १४४१६ हा सरकारी फोन आहे, टेलिमानस म्हणतात, २०२२ पासून चालू आहे, पैसे पडत नाहीत. नंबर फळ्यावर लिहिला आहे. महिला मंडळाने उतरून घ्यावा, कारण आपल्याकडे फोन उचलण्याचे धाडस आधी बाईच करते.

भाऊ आज टोमॅटोच्या हंगामात क्रेट भरायला जातो. कधी कधी अजून गप्प बसतो, मग आम्ही विचारतो, आणि तो सांगतो. २०११ साली त्याच्या मुलीचे दहावीचे पेढे घेऊन आम्ही दोघे पुण्याला त्या बाईंना भेटायला गेलो. खोलीला कुलूप होते. शिपाई म्हणाला, मॅडमची बदली झाली, जागा अजून भरलेली नाही. भाऊ थोडा वेळ त्या बाकावर बसला, आम्ही तापलो होतो त्याच. म्हणाला, "दादा, त्यांचे नाव काय होते रे?" आम्हालाही आठवेना. डबा परत घेऊन निघालो. शिवाजीनगरला एस.टी.त बसल्यावर त्याने तो उघडला आणि पहिला पेढा कंडक्टरला दिला.