ब्रायनची चप्पल आणि मिलिंदाचा प्रश्न
(छत्रपती संभाजीनगर येथे कार्यकर्त्यांपुढे झालेले भाषण)



१९७९ साली इंग्लंडमध्ये ‘लाइफ ऑफ ब्रायन’ हा विनोदी चित्रपट निघाला. ‘मॉन्टी पायथन’ या नावाने दूरचित्रवाणीवर गाजलेल्या सहा जणांनी तो लिहिला आणि त्यांच्यापैकीच टेरी जोन्स यांनी दिग्दर्शित केला. संहिता पाहून ईएमआय कंपनीने ऐनवेळी पैसा काढून घेतला, तेव्हा बीटल्स वाद्यवृंदातील जॉर्ज हॅरिसन यांनी आपले घर गहाण टाकून भांडवल उभे केले. चाहत्यांचा उन्माद त्यांच्याइतका जवळून पाहिलेली माणसे जगात थोडीच असतील. चित्रपटावर धर्मनिंदेचा आरोप आला. नॉर्वेने काही काळ बंदी घातली, आयर्लंडमधील बंदी १९८७ पर्यंत टिकली. वास्तविक पाहता चित्रपटात येशू ख्रिस्त क्षणभरच आणि दुरून दिसतो, तोही आदरानेच रंगवलेला आहे. थट्टा त्याची नाही. थट्टा आहे ती मागच्या रांगेत उभे राहून त्याचे शब्द भलतेच ऐकणाऱ्या आणि त्या भलत्याच शब्दांवर लगेच भाष्य करू लागणाऱ्या गर्दीची.

ब्रायन हा रोमन अमलाखालील ज्यूडियातील एक सामान्य तरुण. शिपायांपासून लपताना तो प्रवचनकारांच्या रांगेत येऊन पडतो आणि वेळ मारून नेण्यासाठी तोंडाला येईल ते बोलतो. शिपाई निघून जातात, तसा तो वाक्य अर्धवट टाकून चालू लागतो. हे अर्धे वाक्यच त्याला भोवते. उरलेल्या अर्ध्यात गूढ आहे अशी लोकांची खात्री पटते आणि जमाव मागे लागतो. पळताना त्याची चप्पल निसटते. एक जण म्हणतो, हा संकेत आहे, सर्वांनी एक पादत्राण काढावे. दुसरा त्याच्या हातून आलेला भोपळा उंच धरतो. अशा रीतीने पाच मिनिटांत दोन पंथ तयार होतात. आपण प्रेषित नाही असे तो कळवळून सांगतो, तर खरा प्रेषितच असे नाकारतो, हा त्याचा पुरावा ठरतो. वैतागून तो होय म्हणतो, तर जयजयकार होतो. अठरा वर्षे मौन पाळलेला एक साधू त्याचे प्रेषितपण नाकारतो, त्याला मात्र जमाव पाखंडी ठरवून उचलून नेतो.

सर्वांत बोचरा प्रसंग खिडकीचा आहे. तुम्ही प्रत्येक जण स्वतंत्र आहात, कुणाच्या मागे जाण्याची गरज नाही, असे ब्रायन सांगतो आणि खालचा जमाव ते एका सुरात मान्य करतो. मी नाही, असे एकटाच म्हणतो त्याला शेजारी गप्प करतात.

९ नोव्हेंबर १९७९ रोजी बीबीसीवर या चित्रपटावर वाद झाला. जॉन क्लीज आणि मायकेल पेलिन यांच्यासमोर सदर्कचे बिशप मर्विन स्टॉकवुड आणि पत्रकार माल्कम मगरिज बसले होते. हे तेच मगरिज, ज्यांच्या १९६९ च्या माहितीपटाने मदर तेरेसांना जगप्रसिद्ध केले. कोलकात्याच्या मरणासन्नांच्या आश्रमातील अंधाऱ्या दालनात चित्रण स्वच्छ उमटले, हा त्यांनी चमत्कार मानला. छायाचित्रकाराने त्याचे श्रेय कोडॅकच्या नव्या फिल्मला दिले. ब्रायनची चप्पल उचलणाऱ्यांत विद्वान माणसेही असतात, एवढाच याचा अर्थ.

इथपर्यंत समाजवादी कार्यकर्त्याला मनसोक्त हसता येते. पण चित्रपटात त्याच्यासाठीही जागा राखून ठेवली आहे. रोमन सत्तेविरुद्ध लढणाऱ्या एका छोट्या संघटनेचे सभासद रोमनांपेक्षा अधिक द्वेष जवळजवळ त्याच नावाच्या दुसऱ्या संघटनेचा करतात. ब्रायन क्रूसावर असताना ते येतात ते त्याला सोडवायला नव्हे. त्याच्या हौतात्म्याचे अभिनंदन करणारा ठराव वाचून ते परत जातात. १९५२ साली प्रजा समाजवादी पक्ष झाला, १९५५ साली फुटला, १९६४ साली संयुक्त समाजवादी पक्ष म्हणून जुळला, पुढच्याच वर्षी पुन्हा फुटला, १९७१ साली पुन्हा जुळला आणि १९७७ साली जनता पक्षात विलीन झाला. ज्यांना हा इतिहास पाठ आहे त्यांना हा प्रसंग पाहताना हसू येईल, पण ते थोडे अडखळत येईल.

विभूतिपूजेचा विचार महाराष्ट्रात सर्वांत परखडपणे मांडला तो डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी. १८ जानेवारी १९४३ रोजी पुण्यात न्यायमूर्ती रानडे यांच्या १०१ व्या जयंतीनिमित्त केलेल्या भाषणात त्यांनी गांधी आणि जिना या दोघांच्याही भक्तांना दुखावले. वृत्तपत्रांचा व्यवसाय साबणाच्या धंद्यासारखा झाला असून नायक घडवणे हेच त्याचे काम बनले आहे, हे त्यांचे निरीक्षण ८० वर्षांनंतरही जुने झालेले नाही. आता तर चौकाचौकातले वाढदिवसाचे फलकच ते काम परस्पर उरकतात. त्याहून मोलाचा आहे तो त्यांनी केलेला भेद. थोर माणसाविषयी अमर्याद आदर बाळगणे वेगळे आणि त्याची आज्ञा निमूटपणे पाळणे वेगळे. पहिल्यात विचारशक्ती शाबूत राहते, दुसऱ्यात ती गहाण पडते. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी घटना समितीतही त्यांनी बजावले की धर्मातील भक्ती मुक्तीकडे नेत असेल, राजकारणातील भक्ती मात्र अधःपतनाकडे आणि हुकूमशाहीकडे नेते.

या शहरात हा भेद नीट समजून घेतला पाहिजे. २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव देण्याचा ठराव केला आणि मराठवाड्यात दलित वस्त्या पेटल्या. नांदेड जिल्ह्यात पोचिराम कांबळे यांचा खून झाला. १४ जानेवारी १९९४ रोजी नामविस्तार होईपर्यंत लोक झगडत राहिले. त्या काळी ‘नावात काय आहे’ असे विचारणारे शहाणे पुष्कळ होते आणि या मागणीला विभूतिपूजा म्हणणारेही होते. ते चूक होते. ज्या नावामुळे वाकलेला माणूस ताठ उभा राहतो, त्या नावाचा आग्रह ही भक्ती नव्हे, हक्काची मागणी आहे. मजुराच्या झोपडीतली बाबासाहेबांची तसबीर आणि मंत्र्याच्या फलकावरची तीच तसबीर, या दोन गोष्टी एक नाहीत.

बाबासाहेबांनी १९५० साली या शहरात महाविद्यालय सुरू केले, त्याला नाव लाभले मिलिंदाचे आणि परिसराला नागसेनवनाचे. मिलिंद हा ग्रीक राजा मिनँडर, साकल नगरीचा. ‘मिलिंदपञ्ह’ या पाली ग्रंथात तो भिक्षू नागसेनाला प्रश्नामागून प्रश्न विचारतो. ग्रंथातला शिष्य म्हणजे प्रश्नकर्ता! वादाला बसण्यापूर्वी नागसेन एक अट घालतो: पंडितासारखा वाद करणार असशील तर बोलू, राजासारखा करणार असशील तर नाही. पंडिताचे म्हणणे खोडले तरी तो रागावत नाही. राजाला मात्र कुणी विरोध केला की तो शिक्षा फर्मावतो. राजा ती अट मान्य करतो.

समाजवादी पक्षासमोर हीच अट १९५४ साली आली होती. त्रावणकोर-कोचीनमध्ये पट्टम थाणु पिल्लै यांचे प्रजा समाजवादी सरकार होते. ऑगस्टमध्ये त्याच्या पोलिसांनी निदर्शकांवर गोळीबार केला, माणसे मेली. पक्षाचे सरचिटणीस डॉ. राममनोहर लोहिया यांनी आपल्याच मुख्यमंत्र्याचा राजीनामा मागितला. काँग्रेसचा गोळीबार तो अत्याचार आणि आपला तो कायदा-सुव्यवस्था, हे कसे, असा त्यांच्या मागणीचा रोख होता. मुख्यमंत्र्याने राजीनामा दिला नाही, लोहियांनी सरचिटणीसपद सोडले आणि वर्षभरात पक्ष फुटला. पक्ष तेव्हा राजासारखा वागला. पुढे लोहियाही तसबिरीत गेले. त्या तसबिरीला हार घालणारी सरकारे नंतर उत्तर प्रदेशात आणि बिहारमध्ये वर्षानुवर्षे चालली. त्यांच्याही पोलिसांच्या हातांत बंदुका होत्या. राजीनामा मागणारा सरचिटणीस मात्र त्यांच्या इतिहासात शोधूनही सापडणे कठीण.